मीठ जवळजवळ बंद करूनही बीपी उतरत नाही. अल्डोस्टेरॉन हे हार्मोन मीठ आणि रक्तदाब नेमकं कसं सांभाळतं?

तुमच्या प्रश्नातलं शेवटचं वाक्य वाचून लिहायला बसले. वय 38, तीन गोळ्या चालू, तरी 160/100, आता डॉक्टरांनी अल्डोस्टेरॉन आणि रेनिनची तपासणी लिहून दिलीय, हे सगळं वाचलं. पण "आई म्हणते बायकोचा हातच मिठाला सैल आहे" असं जे तुम्ही जाता जाता लिहिलंय, त्यावर आधी बोलणार आहे. हार्मोनचं त्यातच येईल.

आमच्या ह्यांना बीपी निघालं तेव्हा चाळिशी लांब होती. हे साखर कारखान्यात फिटर. सीझनमध्ये जेवणाखाणाला वेळ नाही, रात्रपाळ्या, त्यामुळे पहिल्यांदा सगळ्यांनी टेन्शनवर ढकललं. गोळी सुरू झाली, मग दुसरी, मग तिसरी. तरी वरचा आकडा 170 च्या खाली यायला तयार नाही. मग घरात निकाल लागला, सूनबाईचं मीठ. आमच्या वन्सं माहेरपणाला आल्या की आमटीचा पहिला घास घेऊन भावाकडे बघायच्या. माझ्यासमोर एक शब्द नाही. आत सासूबाईंशी मात्र मला ऐकू जाईल एवढ्या आवाजात, "दादाला हीच मारणार."

मी काय काय केलं ते सांगते. लोणचं, पापड, सांडगे, खर्डा बंद. ह्यांची आमटी आधी वेगळी काढायची, मग बाकीच्यात मीठ. कुणी म्हणालं शेंदेलोण वापर, त्यानं बीपी वाढत नाही. हे साफ खोटं आहे, शेंदेलोणसुद्धा सोडियम क्लोराइडच. हे बिचारे अळणी खात राहिले आणि आकडा तिथेच राहिला. वर नवीन दुखणी लागली. पायात गोळे, सारखी तहान, रात्रीतून तीन-चारदा लघवीला उठणं. शुगर तपासली, नॉर्मल. सोडियम तपासलं, तेही नॉर्मल. अंगावर सूज नाही. मग सांगण्यात आलं की काही नाही, वजन कमी करा आणि मीठ कमी करा.

त्या वर्षी मोळी पडल्यावर थोड्याच दिवसांत हे रात्रपाळीला मशिनीपाशी उकिडवे बसले ते उठेचनात. मांड्यांत जोरच नाही. सोबतच्या दोघांनी उचलून जीपमध्ये घातलं. दवाखान्यात पोटॅशियम निघालं 2.6. कमीत कमी 3.5 हवं असतं. सलाइनमधून पोटॅशियम चढवलं, हे दोन दिवसांत चालायला लागले, आणि डिस्चार्जच्या वेळी सल्ला मिळाला: घामानं क्षार गेलेत, रोज केळी खा. बीपीच्या तरुण माणसाचं पोटॅशियम 2.6 आलं आणि तिथल्या एकालाही ते जातंय कुठे असा प्रश्न पडला नाही. मला याचा राग आजही आहे आणि तो मी लपवत नाही. लघवी वाढवणारी गोळी चालू असली की पोटॅशियम थोडं उतरतंच, म्हणून सगळे त्या गोळीकडे बोट दाखवून मोकळे होतात.

पुण्याला मेडिसिनच्या ओपीडीत एक तरुण डॉक्टर भेटल्या. त्यांनी आधी विचारलं, ज्येष्ठमध घेता का, खोकल्याला किंवा ॲसिडिटीला? (का ते खाली सांगते.) नाही म्हटल्यावर त्यांनी 24 तासांची लघवी जमा करायला सांगितली, सोडियम आणि पोटॅशियम दोन्हीसाठी. रिपोर्टमध्ये सोडियम 80 मिलिमोल. डॉक्टरांनी कागदावर गुणाकार करून दाखवला: माणूस जेवढं मीठ खातो, साधारण तेवढंच दिवसाच्या लघवीतून बाहेर पडतं, म्हणजे हे दिवसाला पावणेपाच ग्रॅमच्या आसपास मीठ खातात. जागतिक आरोग्य संघटना 5 ग्रॅमच्या आत रहा म्हणते, तेवढंही नाही. पोटॅशियम मात्र रक्तात कमी असूनही लघवीतून भरमसाट वाहत होतं. म्हणजे घाम नाही, किडनी. आणि माझी आमटी तर नाहीच नाही. तो कागद मी फाइलमध्ये सगळ्यात वर लावलाय. वन्संना दाखवला तेव्हा चष्मा नाही म्हणाल्या.

आता तुमचा प्रश्न. किडनी दिवसाला सुमारे 180 लिटर पाणी गाळते आणि त्या पाण्यात जवळजवळ दीड किलो मीठ असतं. किलो, ग्रॅम नव्हे. त्यातलं बहुतेक सगळं किडनीच्या सुरुवातीच्या नळ्यांत परत रक्तात ओढलं जातं, कुणाला न विचारता. शेवटचे थोडे टक्के उरतात ते ठेवायचे की सोडायचे, हे अल्डोस्टेरॉन ठरवतं. पाटाच्या शेवटच्या दारावर बसलेला पाटकरीच म्हणा. तुम्ही कालवणात चिमूट कमी टाकलीत की जास्त, यापेक्षा तो दार किती उघडतो याला कितीतरी अधिक महत्त्व आहे.

हे हार्मोन किडनीच्या वर बसलेल्या ॲड्रिनल ग्रंथीच्या अगदी बाहेरच्या थरात तयार होतं. त्याला हुकूम दोन बाजूंनी येतो. रक्तदाब घसरला किंवा शरीरातलं मीठ-पाणी कमी झालं की किडनी रेनिन सोडते. रेनिनमुळे यकृतातून आलेल्या एका प्रथिनाचा तुकडा पडतो, फुप्फुसात मुख्यत्वे त्याचं अँजिओटेन्सिन-2 होतं, ते रक्तवाहिन्या आवळतं आणि ॲड्रिनलला अल्डोस्टेरॉन सोडायला लावतं. दुसरा हुकूम पोटॅशियमचा: रक्तात ते वाढलं की ग्रंथी थेट जागी होते. अल्डोस्टेरॉन किडनीच्या शेवटच्या नळ्यांतल्या पेशींमध्ये शिरून सोडियमच्या वाटा आणि पंप वाढवतं. नवीन प्रथिनं बनायला लागतात म्हणून परिणाम दिसायला तासभर तरी जातो. सोडियम आत येतं, त्याच्यामागे पाणी येतं, बदल्यात पोटॅशियम बाहेर जातं. रक्ताचं आकारमान भरलं की रेनिन गप्प बसतं, अल्डोस्टेरॉनही उतरतं. निरोगी माणसात एवढंच चालतं.

आमच्याकडे डाव्या ॲड्रिनलमध्ये छोटी गाठ होती, ती कुणाचाच हुकूम न मानता हार्मोन सोडत होती. रेनिन जवळजवळ शून्यावर, तरी अल्डोस्टेरॉन चढलेलं. म्हणूनच तुम्हाला दोन्ही एकदम तपासायला सांगितलंय, एकट्या आकड्याला अर्थ नाही. सोडियमबरोबर पाणीही धरलं जातं म्हणून रक्तातलं सोडियम नॉर्मल दिसतं. आणि थोडं पाणी साठलं की वाढलेल्या दाबामुळे किडनी जादा मीठ बाहेर टाकायला लागते, त्यामुळे सूज येत नाही, दाब मात्र चढलेलाच राहतो. "सोडियम नॉर्मल, सूज नाही, म्हणजे काही नाही" हे आम्हाला ज्यांनी ऐकवलं त्यांनी हे पुस्तकात वाचलेलं असणारच.

ज्येष्ठमधाचं असं की कॉर्टिसॉल हे दुसरं हार्मोनही अल्डोस्टेरॉनच्याच जागी जाऊन बसू शकतं. किडनीतलं एक विकर (एन्झाइम) त्याला तिथे निकामी करतं. ज्येष्ठमध त्या विकराला अडवतं. रोज भरपूर खाल्लं तर गाठ नसतानाही बीपी वर आणि पोटॅशियम खाली.

आणि हे काही कालपरवा सापडलेलं नाही. अल्डोस्टेरॉन 1953 मध्ये वेगळं काढलं गेलं. अमेरिकेत मिशिगनला जेरोम कॉन यांच्याकडे 34 वर्षांची एक बाई आली होती, वाढलेलं बीपी, कमी पोटॅशियम आणि वर्षानुवर्षं अंगातली ताकद जाण्याचे झटके. 1954 च्या डिसेंबरात तिच्या ॲड्रिनलमधली गाठ काढली, 1955 मध्ये कॉन यांनी हा आजार लिहून मांडला. बीपीच्या शंभर रुग्णांत पाच ते दहा जणांना हा आजार असतो, आणि गोळ्यांना दाद न देणाऱ्यांत जवळजवळ पाचातल्या एकाला. 2025 मध्ये तर अमेरिकेतल्या एंडोक्राइन सोसायटीनं, म्हणजे हार्मोनच्या डॉक्टरांच्या संघटनेनं, प्रत्येक बीपीच्या रुग्णाची ही तपासणी करा असं सुचवलंय. तुमच्या डॉक्टरांनी ती स्वतःहून लिहून दिली, त्यांना सोडू नका.

ह्यांच्या तपासणीआधी डॉक्टरांनी पोटॅशियम भरून घेतलं आणि सांगितलं, आता मीठ नेहमीसारखं खा. मीठ फार तोडलं की रेनिन वर येतं आणि गाठ लपून राहू शकते. मी त्या दिवशी ह्यांना सगळ्यांच्या आमटीतलीच आमटी वाढली, लोणच्याची फोड वाढली, सासूबाईंसमोर. पुढे सीटी स्कॅन झाला, मग दोन्ही ग्रंथींच्या शिरांतून रक्त घेऊन जादा हार्मोन कुठल्या बाजूनं येतंय ते पाहिलं. उजवीकडची शीर आखूड असते, ती सापडणं कठीण, म्हणून हे अनुभवी ठिकाणीच करा. दुर्बिणीनं डावी ग्रंथी काढली. पोटॅशियम सावरलं, पायातले गोळे गेले, तीन गोळ्यांची एक झाली. ती एक राहिली, कारण इतकी वर्षं दाब सोसलेल्या रक्तवाहिन्या एका ऑपरेशननं कोऱ्या होत नाहीत.

तुमचंही असंच निघेल असं मी म्हणत नाही. तीन गोळ्या लागणाऱ्यांतल्या बहुतेकांना हा आजार नसतो. पोटॅशियम नॉर्मल असलं म्हणून हा आजार नाहीच असंही नाही, बऱ्याच जणांत ते नॉर्मलच असतं. दोन्ही ग्रंथींतून हार्मोन येत असेल तर ऑपरेशन नाही, स्पायरोनोलॅक्टोनसारखी गोळी असते. पुरुषांना तिनं छाती दुखू किंवा वाढू शकते, तसं झालं तर लाजून गप्प न बसता सांगा, दुसरी गोळी मिळते. तपासणीआधी काही गोळ्या बदलाव्या लागतात, पण मनानं एकही बंद करू नका. बाजारातलं "लो सोडियम" मीठही मनानं आणू नका, त्यात पोटॅशियम असतं. स्पायरोनोलॅक्टोन चालू असेल किंवा किडनी कमजोर असेल तर ते जिवावर बेतू शकतं.

तुम्ही असंही विचारलंय की मीठ कमी केल्यावर अल्डोस्टेरॉन वाढतं, मग बीपी वाढणार नाही का? नाही. ॲमेझॉनच्या जंगलातले यानोमामी लोक मीठ जवळजवळ खातच नाहीत. त्यांचं अल्डोस्टेरॉन भरपूर चढलेलं असतं आणि रक्तदाब 95/60 च्या आसपास. धरून ठेवायला मीठच नसेल तर हार्मोन दाब चढवणार कशानं? तेव्हा मीठ कमी ठेवाच. गाठवाल्या माणसाला तर तेच मीठ इतरांपेक्षा जास्त बाधतं, हे मला मान्य आहे. माझं भांडण कमी मिठाशी नाही, न मोजता बाईवर ठपका ठेवण्याशी आहे.

म्हणून रक्ताच्या तपासणीबरोबर 24 तासांच्या लघवीतलं सोडियमही करून घ्या. फार खर्चाची तपासणी नाही, पण सकाळची पहिली लघवी सोडून द्यायची आणि दुसऱ्या दिवशीची पहिली धरायची, हे चुकवू नका. आकडा 80-90 आला तर तो कागद आईंच्या हातात द्या, बायकोच्या समोर, आणि चष्माही शोधून द्या. 200 आला तर दिवसाला पावणेबारा ग्रॅम मीठ पोटात जातंय. तेव्हाही बायकोच्या आमटीआधी ड्युटीवरचा वडापाव, फरसाण आणि आईंनीच डब्यात घातलेलं लोणचं मोजा.