बास्केटबॉलपटू टिम डंकन पूर्ण चार वर्षे महाविद्यालयातच का खेळले?

याचे उत्तर त्यांच्या बालपणात आहे. १९७६ साली अमेरिकेच्या व्हर्जिन बेटांपैकी सेंट क्रॉय येथे जन्मलेले डंकन मुळात जलतरणपटू होते. परंतु १९८९ च्या ह्यूगो चक्रीवादळात बेटावरचा ऑलिंपिक आकाराचा एकमेव जलतरण तलाव उद्ध्वस्त झाला आणि पुढच्याच वर्षी, त्यांच्या चौदाव्या वाढदिवसाच्या आदल्या दिवशी, त्यांची आई कर्करोगाने गेली. त्यानंतर ते बास्केटबॉलकडे वळले. पदवी पूर्ण करीन, हा आईला दिलेला शब्द पाळण्यासाठी त्यांनी व्यावसायिक बास्केटबॉलचा मोह बाजूला ठेवला आणि १९९७ मध्ये वेक फॉरेस्ट विद्यापीठातून मानसशास्त्राची पदवी घेतली.

त्याच वर्षी एनबीए या अमेरिकेतील व्यावसायिक बास्केटबॉल लीगच्या नव्या खेळाडूंच्या निवडीत सॅन अँटोनियो स्पर्स या संघाने त्यांना सर्वांत आधी निवडले आणि २०१६ मधील निवृत्तीपर्यंत, तब्बल १९ हंगाम, ते याच एका संघाकडून खेळले. पाच विजेतेपदे आणि २००२ व २००३ चे सर्वोत्तम खेळाडूचे पुरस्कार त्यांच्या नावावर आहेत; तरीही मला अधिक मोलाचा वाटतो तो त्यांचा फलकावर चेंडू नेमक्या कोनात आपटून टोपलीत टाकण्याचा साधा, जुन्या वळणाचा फटका, कारण त्यात दिखाऊपणा अजिबात नव्हता.