चौथ्या पानावरची धमकी

"मॅडम, पोलीस म्हणतात ही दिवाणी बाब आहे, कोर्टात जा. म्हणजे मला संरक्षण मिळणारच नाही का?"

घराच्या किंवा जमिनीच्या वाटणीवरून समुपदेशन केंद्रात येणाऱ्या बायका हा प्रश्न हमखास विचारतात. या ताई आल्या तेव्हा नवरा जाऊन वर्ष होत आलं होतं. दिराने मागच्या पडवीला कुलूप घातलेलं, आणि घरातला एकुलता एक नळ त्या पडवीत. ताई शेजारणीकडून कळशीने पाणी आणत होत्या.

मी त्यांचा अर्ज मागितला. चार पानं होती. आजेसासऱ्यांनी जमीन घेतली तिथपासून सुरुवात, मग सातबारा, फेरफार, हक्कसोड पत्रावर सही करायचा आग्रह, नणंदेच्या लग्नातला खर्च. चौथ्या पानाच्या तळाशी एक ओळ: 'तसेच ते मला जीवे मारीन असे म्हणतात.'

ठाणे अंमलदाराने बहुधा पहिलं पान वाचलं असणार. मला त्याचा फार राग आला नाही. हिस्सा कुणाचा किती, हे ठरवायचा अधिकार पोलिसांना नाहीच.

"दीर नेमकं काय म्हणाले? कधी? तिथे कोण होतं?" ताई बराच वेळ गप्प होत्या. मग सांगितलं की सोमवारी संध्याकाळी, कोयता हातात घेऊन, धाकट्या मुलासमोर. ही गोष्ट त्यांनी अर्जात लिहिलीच नव्हती. "घरातली गोष्ट आहे ना. आणि त्यांना आत टाकायचं नाही मला, पोलिसांनी नुसतं घाबरवावं." असं अनेकजणी म्हणतात. पोलिसांची गाडी कोपऱ्यावरून वळली की तो धाक संपतो, आणि रात्री त्याच घरात झोपायचं असतं. म्हणून मी नोंदीचा आग्रह धरते.

आम्ही दोन कागद वेगळे केले. पोलिसांसाठी एकच पान. त्यात तारीख, वेळ, शब्द, कोयता, साक्षीदार. जमिनीचं अक्षरही नाही. अर्जाच्या प्रतीवर पोच घेतली. यावेळी नोंद झाली, दिराला बोलावणं गेलं आणि शांतता राखण्यासाठीची प्रतिबंधक कारवाई, म्हणजे आपली 'चॅप्टर केस', सुरू झाली. तातडीला 112 आहेच.

कुलूप मात्र तसंच राहिलं. त्याचा रस्ता वेगळा होता. 2005 च्या कौटुंबिक हिंसाचार कायद्यानुसार बाईला सामायिक घरात राहण्याचा हक्क आहे, मग घर तिच्या नावावर असो वा नसो. नवरा वारला म्हणून तो हक्क जात नाही. सर्वोच्च न्यायालयाने 2022 मध्ये एका विधवेच्याच प्रकरणात तिचा हा हक्क मान्य केला. संरक्षण अधिकाऱ्यांमार्फत आम्ही न्यायदंडाधिकाऱ्यांकडे कलम 19 खाली निवासाचा आदेश आणि कलम 23 खाली अंतरिम आदेश मागितला. या कलम 19 मध्येच न्यायालय जवळच्या पोलीस ठाण्याला संरक्षण द्यायला सांगू शकतं. वकिलाचे पैसे कुठून आणू, ही ताईंची पुढची काळजी. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडून महिलेला उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो, हे त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं.

(भावाभावांच्या भांडणात हा कायदा कामाचा नाही. तिथे दिवाणी न्यायालयातून मनाई हुकूम घ्यायचा. तो मोडला जात असेल, तर पोलीस मदतीचा आदेशही त्याच न्यायालयाकडे मागायचा. बळजबरीने ताबा काढून घेतला असेल, तर सहा महिन्यांच्या आत दावा लावायचा. नुसत्या अर्जांच्या फेऱ्यांत ही मुदत उलटून गेलेली मी पाहिली आहे.)

अंतरिम आदेशाची प्रत घेऊन ताई ठाण्यात गेल्या, तेव्हा 'दिवाणी बाब' हा शब्द कुणी काढला नाही. एक महिला कॉन्स्टेबल सोबत आली. दिराने न बोलता किल्ली दिली. ताईंनी आधी नळ सोडून पाहिला.

वाटणीचा दावा अजून चालू आहे. गेल्या महिन्यात त्या आल्या होत्या, दिराच्या मुलीच्या लग्नाला जावं का, हे विचारायला.