मनाई हुकूम हातात आहे, तरी पोलीस म्हणतात "दिवाणी मॅटर"

चुलतभाऊ बागेत शिरून आंबा उतरवून नेतात, कोर्टाचा मनाई हुकूम दाखवला तरी ठाण्यात कोणी दखल घेत नाही, हे तुमचं वाचलं आणि आमचा तो हंगाम आठवला. मी वकील नाही, फक्त यातून गेलोय. कागद तुमच्या वकिलांना दाखवूनच पुढे जा.

आधी हुकूम नीट वाचा. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या (सीपीसी) आदेश ३९ खालचा मनाई हुकूम प्रतिवादीला बांधतो. पोलिसांनी काय करायचं याची त्यात बहुधा ओळही नसते आणि ठाणे अंमलदार नेमकं त्यावरच बोट ठेवतो. पोलीस संरक्षण हवं तर त्याच दाव्यात, त्याच संहितेच्या कलम १५१ खाली (कोर्टाचे अंगभूत अधिकार) वेगळा अर्ज करा. गट नंबर, हिस्सा, चतुःसीमा, काम कोणतं (फवारणी, राखण, उतरवणी), किती दिवस, कोणतं ठाणं, सगळं त्यात येऊ दे. "योग्य ते संरक्षण द्यावे" असल्या मोघम ओळीवर समाधान मानू नका. हुकूम मोडल्याचा, आदेश ३९ च्याच नियम २अ चा अर्ज निराळा. त्यात जप्ती आणि तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैद आहे खरी, पण माझ्या मते त्याने यंदाचा आंबा वाचत नाही.

आमच्या ठाण्याने तर कमाल केली. प्रत ठेवून घेतली, पण पोच देईनात. साहेब आधी शिमग्याच्या बंदोबस्तात, मग कुणाच्या तरी दौऱ्यात. मग म्हणे आधी मोजणी करून हद्द दाखवा. मोजणी लावली, त्या दिवशी पोलीस मागितले तर मनुष्यबळ नाही. समोरच्यांनी साखळीच धरू दिली नाही, भूकरमापक हरकतीचा पंचनामा करून निघून गेला. आणि एवढ्यावर, शांतता राखा म्हणून दोन्ही बाजूंना नोटीस! हुकूम आणणारा आणि मोडणारा, दोघे एकाच मापात. दमदाटीला कंटाळून राखणीचे गुरखे गेले, बाग कराराने घेणारा व्यापारी मागे सरला, सगळा आंबा समोरच्यांकडे गेला. तक्रार अदखलपात्र (कोर्टाच्या आदेशाशिवाय पोलीस तपास करत नाहीत अशी) म्हणून नोंदली, "कोर्टात दाद मागा" असा शेरा मारून. अहो, कोर्टातूनच तर आलो होतो!

म्हणून ठाण्यात अर्ज द्याल तो आवक शिक्का घेऊनच. नाही घेतला तर त्याच दिवशी पोलीस अधीक्षकांना स्पीड पोस्टाने पाठवा. ठाण्याची टाळाटाळ कागदावर आली की कलम १५१ च्या अर्जाला वजन येतं.

वेळही बघा. मे महिन्यात कोर्टाला सुट्टी आणि उतरवणी ऐन तेव्हाच. सुट्टीत तातडीची कामं चालतात, पण त्या भरवशावर राहू नका. मोहर दिसला की अर्ज टाका. वर जावं लागलंच तर ऑगस्ट २०२५ पासून रत्नागिरी-सिंधुदुर्गची हायकोर्टाची कामं कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे आहेत, मुंबई गाठायला नको.

एक गोष्ट तुम्ही लिहिली नाहीत: सातबारा सामाईक आहे की पोटहिस्सा फुटून तुमचा भाग वेगळा झालाय? सामाईक असेल तर चुलतभाऊ "आम्हीही सहहिस्सेदार" म्हणत हुकूमच उठवायला बघतील. तसं असेल तर वाटपाचा दावा आधी लावा, आणि तुमच्या ताब्यातली आंब्याची कलमं (झाडं) कोणती ते कोर्ट कमिशनर (जागेची पाहणी करायला कोर्टाने नेमलेला माणूस) नेमून नोंदवून घ्या.