चिठ्ठ्या टाकण्याआधी

प्रशिक्षणाचा परिणाम मोजण्याचा तुमचा आराखडा वाचला. बचत गटातल्याच निम्म्या बायकांना प्रशिक्षण द्यायचं आणि उरलेल्यांशी तुलना करायची, हे काही जमायचं नाही. शिकून आलेली बाई संध्याकाळपर्यंत शेजारणीला सगळं सांगून मोकळी होते. चिठ्ठ्या बायकांच्या नाही, गावांच्या टाका: काही गावांत प्रशिक्षण द्या, बाकीच्यांत नाही. केनियातल्या बुसियात जंतनाशक गोळ्यांच्या प्रयोगात मिगेल आणि क्रेमर या अर्थतज्ज्ञांनी मुलं नाही, 75 शाळा गटांत विभागल्या. गोळी न घेतलेल्या मुलांनाही फायदा झाल्याचं त्यामुळेच दिसलं.

मात्र गावं निवडलीत की नमुन्याचं गणित बदलतं. एका गावातल्या बायकांची परिस्थिती बरीचशी सारखी असते, म्हणून दहा गावांतल्या हजार बायका म्हणजे हजार स्वतंत्र निरीक्षणं नव्हेत. गावं वाढवा, दर गावातल्या मुलाखती कमी केल्या तरी चालेल.

आणि सगळ्या जणी प्रशिक्षणाला येतील हे गृहीत धरू नका. हैदराबादच्या सूक्ष्मकर्जाच्या (गरिबांना दिलेल्या छोट्या कर्जाच्या) अभ्यासात 104 वस्त्या होत्या. जिथे कर्ज देणाऱ्या संस्थेने शाखा उघडल्या तिथे सुमारे 27 टक्के कुटुंबांकडे असं कर्ज होतं, बाकी वस्त्यांत 18 टक्के. त्या वस्त्यांत असं कर्ज देणाऱ्या इतर संस्था होत्याच की! एवढ्याशा फरकावर परिणाम पकडायचा म्हणजे नमुना बराच मोठा लागतो. (अनुदान देणाऱ्यांना हे पटवणं वेगळीच डोकेदुखी.)

बीडमधल्या गावांत मुलाखतींची दुसरी फेरी दिवाळीनंतर ठेवलीय, ती आधी बदला. तेव्हा ऊसतोडीला गेलेल्या घरांना कुलूप असतं. पहिल्याच मुलाखतीत तोडीला टोळी नेणाऱ्या मुकादमाचा आणि एका नातेवाइकाचा फोन नंबर घेऊन ठेवा.