अकरा प्रयोगांना नाही म्हण

प्रिय बाळा,

तुझं पत्र परवा रात्री वाचलं आणि काल सकाळी चहा गार होईपर्यंत पुन्हा वाचलं. बोलोन्याहून लिहिलेली चार पानं. कंपनी किती जुनी आहे, मानधन किती, गावं कोणती, वर्गातल्या बाकीच्या मुलींना सोडून तुलाच कसं विचारलं, सगळं आहे त्यात. फक्त गळ्याबद्दल एक ओळ नाही. तुझा गळा कुठे आहे त्या पत्रात?

तीन आठवड्यांत ‘मादामा बटरफ्लाय’ या ऑपेराचे अकरा प्रयोग, बटरफ्लायची भूमिका तुझी. वय चोवीस. ‘ताई, गोंधळले आहे, काय करू?’ असं विचारलंयस.

नाही म्हण.

एवढ्यावर तू थांबणार नाहीस, हे मला माहीत आहे. नाशिकला माझ्याकडे शिकत होतीस तेव्हाही एका ‘का’वर तुझं समाधान व्हायचं नाही. म्हणून सविस्तर लिहिते.

तू राहतेस तिथून मोदेना आगगाडीने फार तर अर्ध्या तासावर. ऑपेराची मोठी गायिका मिरेला फ्रेनी तिथली. 27 फेब्रुवारी 1935चा जन्म. आई तंबाखूच्या कारखान्यात कामाला. पुढे जगप्रसिद्ध गायक झालेल्या पावारोत्तीची आईही तिथेच. दोघांचा जन्म एकाच गावात, एकाच वर्षी, आणि दोघं वाढली एकाच दाईच्या दुधावर. हे तुला तिथल्या कोणीही सांगेल. मला सांगायचंय ते त्या पुढचं. मिरेला दहा वर्षांची असताना रेडिओवरच्या एका स्पर्धेत गायली. काय गायली? ‘उन बेल दी वेद्रेमो’. बटरफ्लायचं गाणं, तू आज घोकते आहेस तेच. ऐकायला बेनियामिनो जिली होता, त्या काळातला इटलीचा लाडका टेनर, म्हणजे उंच पट्टीचा गायक. त्याने पाठ थोपटली नाही. गाणं थांबव, मोठी हो, नाहीतर आवाज जाईल, असं सांगितलं. आणि पोरीने ऐकलं. सतराव्या वर्षापर्यंत तिने गाण्याला हात लावला नाही.

याच्यापुढचं नीट वाच. ही बाई पुढे जगभर गायली. बटरफ्लायचं संपूर्ण ध्वनिमुद्रण तिने दोनदा केलं, एकदा काराजान आणि एकदा सिनोपोली या वाद्यवृंद संचालकांबरोबर. 1974च्या चित्रपटात टेनर डोमिंगोसमोर तीच बटरफ्लाय होती. पण रंगमंचावर ती भूमिका तिने आयुष्यात एकदाही केली नाही. स्टुडिओत थांबता येतं, पाणी पिता येतं, उद्या पुन्हा गाता येतं. चो-चो-सान, म्हणजे बटरफ्लाय, एकदा रंगमंचावर आली की जवळजवळ आत जातच नाही. पंधरा वर्षांची मुलगी म्हणून लिहिलेली आहे, पण गायला लागतो पिकलेला, कसलेला आवाज. मधल्या पट्टीत सतत जोर, वर रडू गळ्याशी आलेलं, आणि त्याच गळ्याने सूर काढायचा. फ्रेनीने नको म्हटलेलं काम तू चोवीसाव्या वर्षी तीन आठवड्यांत अकरा वेळा करणार?

‘नुसती पियानोची साथ आहे, वाद्यवृंद नाही, त्यामुळे ताण येणार नाही,’ असं लिहिलंयस. हे वाक्य मला ओळखीचं आहे. 1982 साली मला एका कंत्राटदाराने असंच सांगितलं होतं, ‘ऑर्गन आणि तबला, बाकी काय आहे? तुम्हाला काय जड आहे?’ मी पण चोवीस वर्षांचीच होते. संगीत नाटकाचा विदर्भ दौरा, रविवारी दोन प्रयोग, आणि पट्टी नायकाच्या सोयीची. माझा सूर काळी चारचा, मला गायला लागत होतं त्याच्या पट्टीत. रात्रीचा प्रवास, बसच्या खिडकीचा वारा, सकाळी गरम पाण्याच्या गुळण्या, संध्याकाळी पुन्हा उभी. अमरावतीला दुसऱ्या अंकात तार षड्ज लावायला गेले आणि तिथे सूर नव्हता. नुसती हवा. समोरचे लोक टाळ्या वाजवत राहिले, त्यांना वाटलं मी भावनेने थांबले.

मुंबईला परत आले तेव्हा डॉक्टरांनी सहा आठवडे तोंड उघडायचं नाही म्हणून सांगितलं. स्वरतंतूंवर गाठी आल्या होत्या. गिरगावातल्या आमच्या खोलीत मी पाटी घेऊन बसायचे, मीठ हवं असलं तरी पाटीवर लिहायचं. खालच्या मजल्यावर एक वृद्ध गोवेकर राहायचे. चित्रपटाच्या वाद्यवृंदात व्हायोलिन वाजवून निवृत्त झालेले. त्यांच्याकडे ‘ला बोएम’ या ऑपेराची 1972ची रेकॉर्ड होती, काराजान, पावारोत्ती आणि फ्रेनी. रोज दुपारी ती लागायची. त्यातली नायिका मिमी स्वतःची ओळख करून देते तो भाग तू शंभर वेळा गायला आहेस. सुरुवातीला ती जवळजवळ बोलतेच, शेजारीण दाराशी येऊन बोलावी तसं. मग बर्फ वितळतो, पहिलं ऊन माझ्या खोलीत येतं, या ओळीवर स्वर उघडतो, तरी कुठेही जोर नाही. दमसास लांब, आणि आवाजाची कड कुठे टोचत नाही. मी जिन्यात बसून ऐकायचे. मला रडायचीही बंदी होती, घसा आवळतो म्हणून. ज्या बाईने नाही म्हटलं तिचा आवाज असा होता, आणि मी पाटीवर मीठ लिहीत होते.

आवाज परत आला, पण तार षड्जाच्या वरचा कधीच पूर्वीसारखा नाही. हे मी तुला कधी सांगितलं नव्हतं. तुला वाटायचं, ताई वरचे सूर शिष्यांकडूनच घेतात कारण त्या शिकवतायत. नाही गं.

‘नकार देणाऱ्याला इथे पुन्हा विचारत नाहीत.’ हे तुझं सगळ्यात मोठं वाक्य, दोनदा लिहिलंयस. मग ऐक. फ्रेनीला 1963 साली मिलानच्या ला स्काला या ऑपेरागृहात मिमी म्हणून खऱ्या अर्थाने मोठं केलं काराजानने. त्याच्याबरोबर तिने 1970 साली साल्झबुर्गला ‘ओतेल्लो’तली देस्देमोना केली, 1979 साली ऐदासुद्धा केली. तोच काराजान तिला तूरांदोतची फार जड भूमिका गायला सांगत होता, आणि ती नाही म्हणाली. ज्याच्या एका शब्दावर गायकांचं नशीब ठरायचं, त्याला! काही गायकांना आपण काहीही गाऊ शकतो असं वाटतं, मी माझ्या ताकदीबाबत स्वतःशी प्रामाणिक राहिले, असं तिने पुढे मुलाखतीत सांगितलं. तिला कोणी विचारायचं थांबलं का?

आणि ती कधी चुकलीच नाही, असंही समजू नकोस. 1964 साली ला स्कालामध्ये तिने ‘ला त्राव्हियाता’तली व्हायोलेत्ता घेतली. त्याच रंगमंचावर नऊ वर्षांपूर्वी थोर गायिका मारिया कॅलासची व्हायोलेत्ता झालेली, लोकांच्या कानात तीच. प्रेक्षकांनी फ्रेनीची हुर्यो उडवली. मिलानमध्ये, भर रंगमंचावर, एकोणतीस वर्षांच्या बाईची. पुढच्या वर्षी 29 सप्टेंबरला ती न्यूयॉर्कच्या मेट्रोपोलिटनमध्ये उभी राहिली ती मिमी म्हणून. स्वतःच्या घरात परत गेली आणि तिथून पुढे निघाली. तू अजून घर बांधते आहेस, बाळा. नाही म्हण.

मीही दौऱ्यानंतर नाही म्हणायला शिकले, आणि जरा जास्तच शिकले असं माझा भाऊ आजही म्हणतो. टीव्हीवरच्या गाण्याच्या स्पर्धेत परीक्षक म्हणून बोलावलं, नाही म्हटलं. नवीन नाटक कंपनी आली, नाही म्हटलं. त्या सगळ्या नकारांचं मला आजही काही वाटत नाही, कोणी कितीही हट्टी म्हणो. लहान मुलांना काळी पाचमध्ये किंचाळायला लावून टाळ्या घेणाऱ्या ठिकाणी मी बसले असते तर तुला कोणत्या तोंडाने शिकवलं असतं?

एक नकार मात्र चुकला. माझ्या बाईंनी गुरुपौर्णिमेला मागे तानपुरा घेऊन बस आणि साथीला गा, एवढंच सांगितलं होतं. मी घाबरले, वरचा सूर सगळ्यांसमोर हललेला कळेल म्हणून. गळ्याचं कारण सांगितलं. पुढच्या गुरुपौर्णिमेला बाई नव्हत्या. तो नकार गळ्यासाठी नव्हता, भीतीसाठी होता, आणि मी त्याला गळ्याचं नाव दिलं. म्हणून तुला विचारते, रात्री शांत बसून बघ: हे काम मला झेपणार नाही, हे तुला घशात कळतंय की फक्त भीती वाटतेय? तुझ्या मागच्या ध्वनिमुद्रणात मधल्या पट्टीवर तू ढकलत होतीस. मी ते ऐकलंय. ही भीती नाही, हा गळा बोलतोय.

फ्रेनीने थांबून काय मिळवलं ते बघ. पन्नाशीच्या आसपास तिने रशियन भूमिका घेतल्या, दुसरा नवरा गियाउरोव्हच्या मदतीने ती भाषा गळ्यात बसवली, ‘येव्गेनी ओनेगिन’मधली तात्याना गायली. 11 एप्रिल 2005ला वॉशिंग्टनमध्ये तिने शेवटचा ऑपेरा गायला, चायकोव्स्कीची जोन ऑफ आर्क. सत्तर वर्षांच्या बाईने किशोरवयीन मुलगी उभी केली. पहिला प्रयोग 1955 सालचा, मोदेनाच्याच थिएटरात, ‘कार्मेन’मधली मिकाएला. पन्नास वर्षं! आज त्या थिएटरच्या नावात पावारोत्तीच्या शेजारी तिचं नाव आहे. रविवारी जाऊन बघून ये, तिकीट मिळालं तर काहीही ऐक.

आता काम. आज संध्याकाळीच त्या कंपनीला उत्तर लिही. माफी मागू नकोस, आजारपणाचं निमित्त सांगू नकोस. भूमिका माझ्या आवाजाला आत्ता जड आहे, तुमच्याकडे मिमी किंवा मिकाएला असेल तर आनंदाने येईन, एवढं लिही. पाठवण्याआधी मला वाचून दाखव. तुझ्याकडे सात वाजतील तेव्हा माझ्याकडे साडेदहा झालेले असतील, मी जागीच असते.

तुझी,
ताई