पांढऱ्या मटारात जांभळी फुले कुठून आली?

प्रश्न (पुरंदर तालुका) : मटाराचे घरचेच बी पेरले. सगळा प्लॉट पांढऱ्या फुलांचा, पण मधेच दहा-बारा झाडांना जांभळी फुले लागली आहेत. हा रोग आहे का? पुढच्या वर्षासाठी बी धरावे का?

उत्तर : रोग अजिबात नाही, औषध फवारण्यात पैसे घालू नका. ही बियाण्यातली भेसळ आहे, आणि योग्य वेळी लक्षात आली आहे.

मटारात जांभळा रंग प्रभावी, पांढरा अप्रभावी. प्रत्येक झाडाकडे रंगाच्या जनुकाच्या दोन प्रती असतात, एक आईकडची, एक बापाकडची. त्यांतली एक जरी धड असली तरी फुलात जांभळे रंगद्रव्य तयार होते. दोन्ही बिघडलेल्या असतील तरच फूल पांढरे राहते. म्हणून जांभळ्याच्या पोटी पांढरे येऊ शकते, पण पांढऱ्याच्या पोटी, बाहेरचा पराग आला नाही तर, जांभळे येत नाही. मटारावर प्रयोग करून आनुवंशिकतेचे नियम शोधणारे शास्त्रज्ञ मेंडेल यांनी 1866 साली प्रसिद्ध केलेले आकडे हेच सांगतात. संकरित जांभळ्या झाडांचे बी पेरल्यावर 929 झाडांपैकी 705 जांभळी आणि 224 पांढरी निघाली, म्हणजे जवळजवळ तिनास एक.

तुमच्या दृष्टीने यातली मोलाची गोष्ट अशी की पांढऱ्या झाडात जांभळा रंग लपून राहू शकत नाही. जांभळी झाडे दिसतील त्या दिवशी मुळासकट उपटा. उरलेले पांढरे झाड रंगाच्या बाबतीत शुद्धच असते. मटाराचे परागीभवन फूल उमलण्याआधी, कळीतच उरकते. त्यामुळे शेजारची झाडे बिघडली असतील ही भीती फारशी नको. उलट कोणाला जांभळाच वाण टिकवायचा असता तर काम अवघड होते. संकरातून आलेल्या दर तीन जांभळ्या झाडांपैकी दोन पोटात पांढरा बाळगून असतात आणि बाहेरून ती ओळखू येत नाहीत. त्यासाठी एकेका झाडाचे बी वेगळे ठेवून, वेगळे पेरून पाहावे लागते.

फुलापर्यंत थांबायचीही गरज नसते. जांभळ्या फुलाच्या रोपाला बहुधा पानाच्या बगलेत, खोडाला लागून, लालसर-जांभळी कडी दिसते. खुरपणी करणाऱ्या बायकांना ती एकदा दाखवून ठेवा, त्यांची नजर आपल्यापेक्षा तयार असते.

फक्त हिरव्या शेंगा विकायच्या असतील तर ही झाडे ठेवली तरी चालतील. दाण्याची चव थोडी तुरट लागेल, अपाय काही नाही. बी धरायचे असेल तर मात्र एकही ठेवू नका.

प्रश्न : हायब्रीड झेंडूचे बी घरी धरून पेरले, तर रंग आणि उंची एकसारखी आली नाही. असे का?

उत्तर : हायब्रीडच्या पहिल्या पिढीत दोन वेगळ्या वाणांची जनुके एकत्र असतात, म्हणून सगळी झाडे सारखी दिसतात. पुढच्या पिढीत तीच जनुके सुटी होऊन नव्याने जुळतात, लपलेले गुण वर येतात. शिवाय झेंडूवर मधमाश्या येतात, म्हणजे शेजारच्या प्लॉटचा परागही मिसळतो. बाजारासाठी हायब्रीड लावायचा असेल तर दरवर्षी नवे बी घ्या. शेवंतीत ही अडचण नसते, कारण ती आपण काशांपासून (बुडाशी फुटलेल्या कोंबांपासून) किंवा छाटकलमाने लावतो आणि झाड आईचीच नक्कल असते.

मटारवाल्या बांधवांसाठी एक राहिले. पेरणीआधी बी पांढऱ्या कागदावर पसरून पाहा. जांभळ्या फुलाच्या झाडाचे बी तपकिरी किंवा ठिपकेदार सालीचे असते. खळ्यावर किंवा पोत्यात मिसळलेले असेल तर तिथेच वेचता येईल. पण पांढऱ्या झाडावर बाहेरचा पराग पडून तयार झालेले बी असे सापडत नाही. बियाची साल आईची असते, त्यामुळे ते इतरांसारखेच फिके दिसते. ते शेतातच पकडावे लागते, बगलेतल्या त्या कडीवरून.