गच्चीवरची सावली आणि रेखांश

प्रश्न : आमच्या घरी रामजन्म बाराच्या ठोक्याला होतो. यंदा एप्रिलच्या मध्यावर नातवासह गच्चीवर काठी सरळ उभी केली आणि तिच्याभोवती खडूने वर्तुळ काढले. सावलीचे टोक वर्तुळाला सकाळी १० वाजून ४० मिनिटांनी टेकले आणि दुपारी २ वाजून १३ मिनिटांनी पुन्हा टेकले. म्हणजे मध्यान्ह साडेबाराच्या सुमारास झाली! हे कसे? नातवाच्या पुस्तकातल्या रेखांशांशी याचा काही संबंध आहे का?
— एक वाचक, इंदूर

उत्तर : संबंध आहे, आणि तुम्ही तो फार चांगल्या रीतीने मोजला आहे. मध्यान्हीच्या जितके आधी, तितकेच नंतर सावलीची लांबी सारखी असते; म्हणून मध्यान्ह तुमच्या दोन वेळांच्या मध्यावर येते, आणि तो मध्य १२ वाजून साडेसव्वीस मिनिटे येतो. आपले घड्याळ इंदूरच्या सूर्यावर नव्हे, तर मिर्झापूरजवळून जाणाऱ्या ८२.५ अंश पूर्व रेखावृत्तावर लावलेले असते. इंदूर सुमारे ७५.९ अंशांवर, म्हणजे त्याच्या ६.६ अंश पश्चिमेला आहे. सूर्याच्या हिशेबाने पृथ्वी २४ तासांत ३६० अंश फिरते, म्हणून अंशामागे चार मिनिटे धरली की तुमचीच साडेसव्वीस मिनिटे मिळतात. (सूर्य वर्षभर घड्याळाच्या थोडा मागेपुढे होत असतो; एप्रिलच्या मध्यावर हा फरक जवळजवळ नसतो, हे तुमच्या पथ्यावर पडले.)

रेखांश म्हणजे आरंभीचे रेखावृत्त आणि आपल्या गावावरून जाणारे रेखावृत्त यांच्यातला कोन. अक्षांशांसाठी विषुववृत्ताचा शून्य निसर्गानेच दिला आहे आणि ध्रुवताऱ्याच्या उंचीवरून अक्षांश कळतात. रेखांशांचा शून्य मात्र माणसांना ठरवावा लागतो. ग्रीनिचचा मान १८८४ च्या वॉशिंग्टन परिषदेत ठरला. त्याच्या कितीतरी आधी आपल्या सिद्धान्तग्रंथांनी, म्हणजे खगोलगणिताच्या जुन्या संस्कृत ग्रंथांनी, लंका, उज्जयिनी आणि कुरुक्षेत्र यांवरून जाणारी मध्यरेखा मानली होती. तुमच्या इंदूरची आणि उज्जैनची मध्यान्ह अर्ध्या मिनिटाच्याही आत जुळते, तेव्हा तीच रेखा आज चालू असती तर इंदूरचा रेखांश जवळपास शून्य झाला असता.

त्या रेखेपासूनच्या अंतराला ‘देशांतर’ म्हणत, आणि ते शोधण्याची सूर्यसिद्धान्तातली रीत मला विशेष सुंदर वाटते. चंद्रग्रहण जेथून दिसते तेथे ते एकाच क्षणी लागते. मध्यरेखेसाठी गणिताने काढलेली ग्रहणाची वेळ आणि आपल्या गावी प्रत्यक्ष पाहिलेली स्थानिक वेळ यांतला फरक म्हणजेच देशांतर. रेखांश म्हणजे मुळात वेळेतले अंतर आहे, हे त्यांनी नेमके ओळखले होते.

बडोद्याला कोणी नातलग असतील, तर त्यांनाही ठरलेल्या एका दिवशी असेच वर्तुळ काढायला सांगा. त्यांची मध्यान्ह तुमच्यापेक्षा साडेदहा मिनिटांच्या आसपास उशिरा होईल. त्या मिनिटांना चाराने भागले की दोन्ही शहरांतले रेखांशांचे अंतर निघते, आणि आपल्या अक्षांशावर एक अंश सुमारे १०३ किलोमीटरचा असल्याने बडोदे किती पश्चिमेला आहे, तेही नातवाला नकाशा न उघडता सांगता येईल. यासाठी एप्रिलची वाट पाहण्याचेही कारण नाही, कारण सूर्याचे मागेपुढे होणे त्या दिवशी दोन्ही गावांना सारखेच असते.